तेहतीस माणसं कमी पडली : गावच्या लोकसंख्येचे चार आकडे

प्रश्न थोडक्यात पुन्हा लिहितो, म्हणजे बाकीच्यांनाही संदर्भ लागेल. विचारणारे मूळचे मोहोळ तालुक्यातल्या एका छोट्या गावचे, सध्या नोकरीला पुण्यात. २०११ च्या जनगणनेत त्यांच्या गावची लोकसंख्या १,४६८. मतदारयादीत नावं १,४१२. गावातल्या सगळ्या रेशनकार्डांवरची नावं मोजली तर १,८७०. आणि एसटी थांब्याजवळ ग्रामपंचायतीनं जो फलक लावलाय त्यावर २,३००. यातला खरा आकडा कोणता, असं ते विचारतात. गाव एवढं वाढूनही सदस्य सातच कसे, शेजारच्या गावाला नऊ आहेत आणि निधीही त्यांनाच जास्त येतो. शेवटी एक जोडप्रश्न : गावचा कारभार नेमका कुणाकडं असतो, सरपंच, ग्रामसेवक की तलाठी?

मी सोलापूर जिल्ह्यात एकतीस वर्षं नोकरी केली, आधी ग्रामसेवक आणि शेवटची काही वर्षं ग्रामविकास अधिकारी. सांगोला, माढा, मोहोळ असं फिरणं झालं. २०२४ मध्ये शासनानं ही दोन्ही पदं एक करून ‘ग्रामपंचायत अधिकारी’ असं नाव दिलं. गावात मात्र आम्हाला पहिल्यापासून भाऊसाहेबच म्हणतात आणि तलाठ्यालाही भाऊसाहेबच म्हणतात, त्यामुळं तुमचा शेवटचा प्रश्न पडणं साहजिक आहे. त्याकडं नंतर येतो.

तुम्ही खरा आकडा विचारलाय, पण तुम्हाला टोचतंय ते सात सदस्य आणि कमी निधी. या दोन्हींचा निकाल १,४६८ या एकाच आकड्यावर लागतो. बाकीचे तीन तुमच्या भांडणात उपयोगाचे नाहीत. पण ते वेगळे का हे कळल्याशिवाय तुम्हाला चैन पडणार नाही, म्हणून आधी ते उरकू.

फलकापासून सुरुवात करतो, कारण असले फलक मी स्वतः रंगवून घेतलेत. पेंटर शिडीवर, खाली डब्यात पिवळा रंग. क्षेत्रफळ लिहून झालं, कुटुंबं लिहून झाली, आणि तो वरून विचारतो, “भाऊसाहेब, लोकसंख्या किती टाकू?” मी जनगणनेचा आकडा सांगायला तोंड उघडतो तोवर पारावरून कुणीतरी ओरडतं, “एवढीच व्हय? टाक की दोन हजार!” सरपंच हसतात. उपसरपंच जरा धोरणी, ते म्हणतात, दोन हजार तीनशे टाका, गोल आकडा खोटा वाटतो. एका गावात मी हे होऊ दिलंय, कबूल करतो. त्या फलकाला कुठल्याच कार्यालयात किंमत नाही, म्हणूनच तो इतक्या उदारपणे रंगवता येतो.

रेशनकार्डाचं वेगळं आहे. नाव चढवायला माणूस तहसीलला चार हेलपाटे घालतो, कमी करायला कोण जातो? लेक लग्न होऊन अक्कलकोटला नांदायला गेली, नाव इकडंच. पोरगा चाकणला कंपनीत, नाव इकडंच. प्राधान्य कुटुंबाला माणशी ५ किलो धान्य मिळतं, त्यामुळं तिथं प्रत्येक नावाला वजन आहे. अंत्योदयाला कार्डामागं ३५ किलो, तिथं नावं किती याच्याशी कुणाला देणंघेणं नसतं. थोडक्यात, रेशनचा आकडा गावात किती जण राहतात हे सांगत नाही, गावाशी किती जणांनी नातं तोडलेलं नाही हे सांगतो.

मतदारयादीबद्दल एकच विचारतो : तुमचं नाव कुठं आहे? पुण्यात की गावात? बहुतेक गावातच असणार. १,४१२ मतदार म्हणजे अठराच्या आतली पोरं धरून गाव एकोणीसशेच्या पुढं गेलं, असा हिशेब लोक मांडतात. हिशेबाची रीत बरोबर आहे, पण त्या यादीतले बरेच जण गावात फक्त मतदानाला आणि जत्रेला दिसतात.

याच्या उलट आमचं जन्ममृत्यूचं रजिस्टर. १९६९ च्या कायद्यानं जन्म जिथं झाला तिथंच नोंदवायचा, २१ दिवसांच्या आत. आता बाळंतपणं मोहोळला, सोलापूरला, बार्शीला दवाखान्यात होतात, पहिलं तर माहेरी. म्हणजे नोंद तिकडच्या नगरपालिकेत. माणूस मरतो मात्र बहुतेक वेळा घरीच, आपल्या खाटेवर. नोकरीच्या शेवटच्या वर्षांत माझ्या एका गावात जन्माच्या रजिस्टरला महिनोन्महिने शाई लागायची नाही आणि मृत्यूचं पान भरत जायचं. नुसतं ते दप्तर बघून कुणी म्हटलं असतं, हे गाव संपत चाललंय. शाळेत मात्र पहिलीला दरवर्षी वीस-बावीस पोरं यायची.

आज गावात प्रत्यक्ष किती माणसं झोपतात हे तुम्हाला मनापासून जाणून घ्यायचं असेल तर माझ्या मते अंगणवाडीताईकडं जा. ४०० ते ८०० लोकवस्तीमागं एक अंगणवाडी असते, म्हणजे तुमच्या गावात दोन तरी असतील. ताईच्या कुटुंब सर्वेक्षणाच्या वहीत घरटी माणसं असतात आणि ती वही खरी असते, कारण लसीकरणाला आणि आहाराला पोर समोर लागतं. आशाताई हजार लोकसंख्येमागं एक. तिला तर कुठल्या घरातली सून कितव्या महिन्यात आहे इथपर्यंत माहीत असतं. दोघींच्या वह्या शेजारी ठेवल्या की गाव कळतं. अर्थात त्या आकड्यावर सदस्य वाढत नाहीत.

आता १,४६८ कडं येऊ.

पहिली गोष्ट, जनगणनेत ‘गाव’ म्हणजे महसुली गाव, तलाठ्याच्या दप्तरात ‘मौजे’ म्हणून असतं ते. ग्रामपंचायत आणि महसुली गाव एकच असेल असं नाही. गट ग्रामपंचायत असेल तर दोन-तीन महसुली गावांची बेरीज धरतात. वाडी, तांडा, वस्ती यांना जनगणनेच्या प्रसिद्ध तक्त्यात स्वतंत्र ओळ नसते, त्या मूळ गावात मिसळलेल्या असतात. शिवाय नावांचा घोळ आहेच. माढा तालुक्यात उपळाई बुद्रुक आणि उपळाई खुर्द, बार्शी तालुक्यात उपळाई ठोंगे. नेटवर नुसतं ‘उपळाई’ शोधून भलत्याच गावचा आकडा घेऊन भांडायला आलेले लोक मी पाहिलेत. म्हणून तुमचा १,४६८ हा तुमच्याच मौजेचा आहे का आणि तुमची ग्रामपंचायत एकट्या गावाची आहे की गट, हे आधी पक्कं करा. गट असेल तर माझं पुढचं गणित बदलेल.

एकट्या गावाची आहे असं धरून चालतो. सदस्यसंख्येचे टप्पे ठरलेले आहेत : ६०० ते १,५०० लोकसंख्येला ७ सदस्य, १,५०१ ते ३,००० ला ९, ३,००१ ते ४,५०० ला ११, आणि असंच पुढं दीड-दीड हजारानं दोन-दोन वाढत ७,५०० च्या वर १७. त्याच्यावर नाही. अकलूजएवढं गाव २०२१ ला नगरपरिषद होईपर्यंत ग्रामपंचायतच होतं, तिथंही हीच मर्यादा. थेट जनतेतून निवडलेला सरपंच या संख्येच्या बाहेर, वेगळा.

यात लोकसंख्या म्हणजे आकडे प्रसिद्ध झालेली शेवटची जनगणना. संविधानातली व्याख्याच तशी आहे. २०२१ ची जनगणना झाली नाही, म्हणून सगळा महाराष्ट्र अजून २०११ वर चालतोय. तुमचं गाव आता कितीही असो, कायद्याच्या लेखी १,४६८. नऊ सदस्यांसाठी १,५०१ लागत होते. तेहतीस माणसं कमी पडली. आपल्याकडच्या घरांच्या हिशेबानं सहा-सात कुटुंबं.

ही सहा-सात कुटुंबं कुठं गेली असतील याबद्दल मला एक शंका आहे. ती तुमच्या गावाला लागू पडेलच असं नाही, पण सांगतो.

२०११ ची मोजणी ९ ते २८ फेब्रुवारीला झाली, मग १ ते ५ मार्च फेरतपासणी. हिशेब धरला तो २८ तारखेची मध्यरात्र उलटली त्या क्षणाचा. नियम असा की या वीस दिवसांत माणूस कधीही आपल्या नेहमीच्या घरी राहिला असेल किंवा राहायला येणार असेल, तर तो तिथं मोजायचा. पूर्ण वीस दिवस बाहेर असेल तर घरी मोजायचा नाही, जिथं असेल तिथं मोजायचा. नियम म्हणून यात काही वावगं नाही. पण फेब्रुवारी म्हणजे आपल्याकडं साखर कारखान्यांचा, म्हणजे ऊसतोडीचा, हंगाम ऐन भरात. तोडीला जाण्याला गावात ‘कोयत्यावर जाणं’ म्हणतात.

त्या वर्षी मी सांगोल्याच्या बाजूला होतो. प्रगणक, म्हणजे घरोघरी जाऊन मोजणी करणारे, प्राथमिक शाळेतले एक मास्तर होते, परगावचे. त्यांना रानातल्या वस्त्या माहीत नव्हत्या, म्हणून दाखवायला मी बरोबर. ज्वारी काढणीला आलेली, गोफणी घेऊन पोरं पाखरं हाकत होती. एका वस्तीवर तीन खोल्यांचं घर, दारात म्हातारी आणि दोन शेळ्या. मास्तरांनी विचारलं, “आजी, घरात माणसं किती?”

“मी अन् ही दोन पोरं.”

“बाकीची?”

“कोयत्यावर गेल्यात की. पाडव्याला येत्याल.”

आजीनं आतून पत्र्याच्या पेटीतलं रेशनकार्ड आणून दाखवलं, त्यावर नऊ नावं. मास्तर माझ्याकडं बघायला लागले. मी काय सांगणार? नियमानं तीनच. त्यांनी तीन लिहिले. शेजारच्या घराला कुलूप होतं. माणसं मोजण्याआधी घरांची यादी करतात, त्या आदल्या वर्षीच्या घरयादीतला क्रमांक भिंतीवर ठळक दिसत होता, पण आत माणूस नाही म्हणजे शून्य. त्या दिवशी चार वस्त्यांत आम्ही सात कुलपं मोजली.

ती माणसं मोजायची राहिली असं मी म्हणणार नाही. ती कोल्हापूर-सांगलीकडं कुठल्या तरी उसाच्या फडाजवळ कोपीत, म्हणजे पाचटाच्या खोपटात, असणार आणि तिथल्या प्रगणकानं मोजली असतील तर त्या गावच्या आकड्यात जमा झाली असणार. तो कोपीपर्यंत पोचला की नाही, देव जाणे. इथल्या आकड्यातून ती गेली एवढं मात्र नक्की.

आता ‘लागू पडेलच असं नाही’ का म्हणालो ते. मोहोळ तालुका एकसारखा नाही. तुमचं गाव सीना-भीमेच्या काठचं किंवा उजनीच्या कालव्याखालचं असेल तर चित्र उलटं. तिथं बीडकडच्या ऊसतोडीच्या टोळ्या उतरतात, त्यांना आणणारा मुकादम कोप्या घालून देतो आणि फेब्रुवारीत गाव फुगलेलं असतं. अशा गावात १,४६८ हा आकडा कमी नव्हे, उलट थोडा जास्तच असू शकतो. गाव माळरानाचं, कोरडवाहू असेल तरच माझी शंका धरा. गावात कोयते किती आहेत, म्हणजे नवरा-बायकोच्या किती जोड्या तोडीला जातात, हे एखाद्या मुकादमाला विचारलं तर तो पाच मिनिटांत सांगेल. उचल, म्हणजे मजुरीची आगाऊ रक्कम, त्यानंच दिलेली असते, त्याचा हिशेब कधी चुकत नाही.

वाढीबद्दल एक गोष्ट. सोलापूर जिल्ह्याची लोकसंख्या २००१ ला ३८,४९,५४३ होती, २०११ ला ४३,१७,७५६ झाली, म्हणजे दहा वर्षांत साधारण १२ टक्के वाढ. तुमचं गाव त्याच चालीनं वाढलं असं धरलं तर २०२१ ला साडेसोळाशेच्या आसपास यायला हवं होतं, आता त्याहून थोडं जास्त. २,३०० कुठून येतील? शिवाय ही जिल्ह्याची सरासरी आहे, तिच्यात शहरंही आली. लहान कोरडवाहू गावं त्या वेगानं वाढत नाहीत, काही तर आहेत तिथंच आहेत. पण दीड हजाराची रेघ ओलांडायला गावाला फार वाढावं लागत नाही. नव्या जनगणनेत तुमचे नऊ सदस्य होतील असं मला बऱ्यापैकी वाटतं.

निधीचं मात्र तसं नाही आणि इथं बहुतेक लोक फसतात. पंधराव्या वित्त आयोगाचा जो पैसा आला त्यातला ८० टक्के ग्रामपंचायतींना, १० टक्के पंचायत समितीला, १० टक्के जिल्हा परिषदेला. ग्रामपंचायतींमध्ये वाटताना लोकसंख्येला ९० टक्के वजन होतं आणि क्षेत्रफळाला १०. म्हणजे ही एक ठरावीक भाकरी आहे आणि ती सगळ्या गावांत डोक्यांच्या प्रमाणात मोडायची आहे. तुमचं गाव १२ टक्क्यांनी वाढलं आणि बाकीचीही १२ टक्क्यांनीच वाढली, तर तुमचा तुकडा जेवढा होता तेवढाच राहतो. शेजारचं गाव तुमच्यापेक्षा जास्त वाढलं तर नव्या जनगणनेनंतर तुमचा वाटा कमीसुद्धा होऊ शकतो. लोकसंख्या वाढली की निधी वाढतो, हे वाक्य मी ग्रामसभेत शंभरदा ऐकलंय. खरं वाक्य असं हवं : इतरांपेक्षा जास्त वाढली तर वाढतो.

आलेला पैसाही मन मानेल तसा खर्च करता येत नाही. पंधराव्या आयोगाच्या पैशात २०२१ पासून ६० टक्के बंधित होता, म्हणजे पाणी आणि स्वच्छतेलाच, आणि ४० टक्के अबंधित. तुम्ही पुण्यात बसून ई-ग्रामस्वराज पोर्टलवर गावचा आराखडा आणि खर्च बघू शकता. सदस्य किती यावर हा पैसा एका रुपयानं हलत नाही. सरपंचाचं मानधन मात्र लोकसंख्येच्या टप्प्यावर आहे : २,००० पर्यंत ६ हजार, ८,००० पर्यंत ८ हजार, त्यापुढं १० हजार, असं सप्टेंबर २०२४ मध्ये दुप्पट करून ठरलं. फलकावर २,३०० लिहून सरपंचांना वरचा टप्पा मिळत नाही, नाहीतर जिल्ह्यातले सगळे फलक एका रात्रीत रंगवून झाले असते.

लोकसंख्येवर वाटलेल्या पैशाची तऱ्हा बघायची असेल तर आषाढी वारीत भंडीशेगाव किंवा वाखरीला जा. पालख्यांच्या मुक्कामाला एका रात्रीत लाखो माणसं, आणि दप्तरात गावची लोकसंख्या काही हजार. वारीसाठी वेगळा निधी येतो म्हणून निभावतं. पण गटार आणि पाण्याची टाकी बारा महिने असते, ती नोंदवलेल्या डोक्यांच्याच मापाची.

इथवर थोडक्यात : राहणारी माणसं अंगणवाडीच्या वहीत, नातं ठेवून असलेली रेशन आणि मतदारयादीत, आणि कायद्याला मान्य ती फक्त जनगणनेत. सदस्य १,५०१ च्या रेघेवर अडलेत. निधी इतर गावांशी असलेल्या प्रमाणावर ठरतो, नुसत्या वाढीवर नाही.

आता कारभार कुणाचा. हे लवकर सांगतो, कारण यात वाद घालण्यासारखं फारसं नाही. ग्रामपंचायत म्हणजे निवडून आलेले सदस्य आणि सरपंच. तिचा सचिव म्हणजे ग्रामसेवक, आताचा ग्रामपंचायत अधिकारी, तो जिल्हा परिषदेचा माणूस. घरपट्टी, पाणीपट्टी, दिवाबत्ती, जन्ममृत्यू, ग्रामसभेचं इतिवृत्त हे त्याच्याकडं. तलाठी, ज्याला आता ग्राम महसूल अधिकारी म्हणतात, तो तहसीलदाराच्या हाताखालचा. सातबारा, फेरफार, पीकपाहणी त्याच्याकडं. त्याच्या एका सज्जात, म्हणजे कार्यक्षेत्रात, दोन-तीन गावं असू शकतात. पोलीस पाटील १९६७ च्या कायद्याखाली, प्रांत नेमतो. कुणी कुणाचा साहेब नाही. त्यामुळं रस्ता सातबाऱ्यावर नाही म्हणून ग्रामसेवकाकडं भांडू नका आणि नळाला पाणी नाही म्हणून तलाठ्याकडं जाऊ नका. आणि या सगळ्यांच्या वर, निदान कागदावर, ग्रामसभा. गणपूर्तीला मतदारांच्या १५ टक्के किंवा १०० यातलं जे कमी ते. १,४१२ चे १५ टक्के दोनशेच्या वर जातात, म्हणजे तुमच्याकडं १०० माणसं पुरेत. तेवढी जमवून दाखवा, मग बोलू.

आता करायचं काय. जुना आकडा बदलून मिळत नाही. ग्रामसभेनं ठराव केला, आमदारांचं पत्र जोडलं, काही उपयोग नाही. एका गावानं मला असा ठराव पाठवायला लावला होता. तो वरच्या एका टेबलावर वर्षभर पडून होता आणि शेवटी ‘दप्तरी दाखल’, म्हणजे फायलीत ठेवून विषय बंद, असा शेरा मारून परत आला. नवी ग्रामपंचायत वेगळी काढायचा विचार कुणाच्या डोक्यात असेल तर तोही आत्ता सोडा, जनगणनेसाठी गावांच्या हद्दी ३१ डिसेंबर २०२५ ला गोठवल्या आहेत.

पुढच्या जनगणनेचा संदर्भक्षण, म्हणजे ज्या क्षणाचा हिशेब धरायचा तो, १ मार्च २०२७ आहे. म्हणजे माणसांची मोजणी पुन्हा फेब्रुवारीतच, पुन्हा हंगामातच. त्याआधी घरयादीचा टप्पा, एप्रिल ते सप्टेंबर २०२६ मधला. माझं सगळं लक्ष मी घरयादीवर ठेवलं असतं. गावठाणातलं घर कुणी विसरत नाही, विसरतात ती रानातल्या वस्त्यांवरची घरं. आपल्याकडं निम्मं गाव वस्त्यांवर राहतं. प्रगणकाच्या नजरी नकाशात, म्हणजे हातानं काढलेल्या कच्च्या नकाशात, वस्ती आली नाही तर फेब्रुवारीत तिकडं जायला त्याला कारणच उरत नाही. प्रगणक बाहेरचा असला तर गावातला एक जाणता माणूस दोन दिवस त्याच्याबरोबर फिरायला द्या. चहापाण्याचा खर्च कुणी केला यावर वाद घालू नका.

फेब्रुवारीत तोडीला गेलेल्या कुटुंबांचं काय, हा नाजूक भाग. खोटी नावं सांगायला मी सांगणार नाही. जनगणनेचा अर्ज १९४८ च्या कायद्याखाली भरला जातो, त्यात खोटं सांगणं गुन्हा आहे. पण खरी माणसंही निष्कारण गळतात. कोयत्यावर गेलेल्यांची शाळकरी पोरं हंगामी वसतिगृहात किंवा आजीजवळ गावातच असतात, ती मोजली गेलीच पाहिजेत. म्हातारीला एकटीला प्रगणकाशी बोलायची धास्ती वाटते, ती ‘घरात कुणी न्हाई’ म्हणून मोकळी होते, तर तिच्याजवळ शेजारचं कुणीतरी बसवा. आणि मोजणीच्या दिवसांत एखादं कुटुंब लग्नाला, मयताला चार दिवस घरी येऊन गेलं असेल, तर ते प्रगणकाला सांगा. नियमात ते बसतं. अशी चार-पाच घरं प्रत्येक गावात निघतात. तुम्हाला तेहतीसच माणसं हवी होती.

तुम्ही स्वतः मात्र पुण्यातच मोजले जा. रागावू नका.

आकडे प्रसिद्ध होऊन पुढच्या सार्वत्रिक निवडणुकीआधी प्रभागरचना होईल तेव्हाच सातचे नऊ होतील, आज अर्ज करून नाही. तोवर निधीचा तुमच्या हातातला एक भाग आहे, स्वनिधी, म्हणजे गावानं स्वतः वसूल केलेला कर. घरांची आकारणी नमुना ८ च्या नोंदवहीत असते आणि दर चार वर्षांनी फेरआकारणी व्हायला हवी. माझ्या अनुभवात जिथं वस्त्या जास्त तिथं ही वही अर्धवट असते. घर आहे, वीज आहे, दारात ट्रॅक्टर आहे, पण नमुना ८ ला नोंद नाही, म्हणून कर नाही. आणि नोंद नसली की पुढं कर्जाला, घरकुलाला तोच माणूस अडतो. सुट्टीत गावी जाल तेव्हा ग्रामपंचायतीत अर्ज करून नमुना ८ बघायला मागा. आधी वस्त्यांची पानं उघडा. तुमच्या भावकीतली जी घरं तुम्हाला तोंडपाठ आहेत ती तिथं सापडतात का बघा, आणि जी सापडणार नाहीत त्यांची यादी करून घरमालकांच्या सह्यांसह आकारणीसाठी अर्ज द्या. तेच कागद घरयादीला आलेल्या मास्तरांनाही दाखवा.